दोन आश्रयांच्या मधले पदक

खाशाबा जाधवांचा विषय निघाला की १९५२ हे साल, हेलसिंकी हे शहर आणि स्वतंत्र भारताचे पहिले वैयक्तिक ऑलिंपिक पदक, एवढ्यावर आपण थांबतो. परंतु खेळाडूची कारकीर्द म्हणजे केवळ पदकांची नोंद नव्हे. ती कोणाच्या पैशावर उभी राहिली, हाही इतिहासाचाच प्रश्न आहे.

पाश्चात्त्य क्रीडाविश्वात हौशी आणि धंदेवाईक हा भेद दीर्घकाळ कटाक्षाने पाळला गेला. रग्बी युनियनने तर खेळाडूला मोबदला देण्यावरील बंदी १९९५ साली उठवली. घरी उत्पन्नाची सोय असणाऱ्यालाच परवडावा असा हा नियम! कृष्णाकाठच्या सातारा-सांगलीच्या पट्ट्यात मल्लाचे जीवन निराळ्याच व्यवस्थेवर चाले. तालीम गावाची, खुराक घरचा किंवा आश्रयदात्याचा आणि इनाम मैदानातले. शाहू महाराजांनी कोल्हापुरात खासबाग मैदान उभारले ते याच व्यवस्थेचे वैभव होय.

खाशाबांचा जन्म १९२६ सालचा, कराडजवळच्या गोळेश्वरचा. कराडच्या टिळक हायस्कूलमधून ते कोल्हापूरच्या राजाराम महाविद्यालयात गेले. १९४८ मध्ये कोल्हापूरच्या महाराजांच्या साहाय्याने ते लंडनला पोहोचले आणि मॅटवरच्या कुस्तीचा फारसा सराव नसताना फ्लायवेट गटात सहावे आले. पुढच्याच वर्षी कोल्हापूर संस्थान मुंबई प्रांतात विलीन झाले. राजाश्रय संपला होता, आणि त्याची जागा घेईल असा शासकीय आश्रय अद्याप निर्माण झालेला नव्हता.

हेलसिंकीची वाट या पोकळीतून गेली. गावकऱ्यांनी वर्गणी गोळा केली. महाविद्यालयाचे प्राचार्य खर्डेकर यांनी आपले राहते घर गहाण टाकून सात हजार रुपये उभे केले. बँटमवेट गटात कॅनडा, मेक्सिको व जर्मनीच्या मल्लांना हरवून, जपानच्या इशी आणि सोव्हिएत संघाच्या मामेदबेकोव यांच्यापाठोपाठ खाशाबा तिसरे आले. कराड ते गोळेश्वर शंभराहून अधिक बैलगाड्यांची मिरवणूक निघाली. त्यानंतर त्यांनी कुस्त्यांची मैदाने भरवून खर्डेकरांचे घर सोडवले, असे सांगितले जाते. म्हणजे जागतिक पदकाचे ऋण अखेर गावच्या तांबड्या मातीनेच फेडले.

पदकाने त्यांना चरितार्थ दिला नाही. १९५५ मध्ये ते पोलीस उपनिरीक्षक झाले आणि सहायक पोलीस आयुक्त म्हणून निवृत्त झाले. १९८४ मध्ये अपघाती निधन झाले, आणि अर्जुन पुरस्कार मिळाला तो त्यानंतर दीड दशक उलटल्यावर.

या मातीतले बळ काही खाशाबांबरोबर आटले नव्हते. सांगलीजवळच्या कवठेपिरानच्या मारुती मान्यांनी १९६२ साली जकार्ताच्या आशियाई स्पर्धेत सुवर्णपदक मिळवले. तरीही भारताला पुढचे वैयक्तिक ऑलिंपिक पदक लाभले ते थेट १९९६ मध्ये, टेनिसमध्ये. या चव्वेचाळीस वर्षांची अनेक कारणे देता येतील. त्यांतले एक मात्र आपल्या अध्यापकवर्गाने विसरू नये: १९५२ साली संस्थेची उणीव एका प्राचार्याने भरून काढली होती, आणि घर काही दर चार वर्षांनी गहाण टाकता येत नाही.