रावळगाव: गावाच्या नावाची गोळी

किराणा दुकानाच्या फळीवर काचेच्या बरण्या, बरण्यांना पत्र्याची झाकणे आणि सुट्ट्या पैशांचा प्रश्न आला की त्याच बरणीत जाणारा दुकानदाराचा हात. महाराष्ट्रातील किमान तीन पिढ्यांच्या स्मरणात हे दृश्य आहे. त्या बरणीतील गोळीच्या कागदावर अनेकदा एक नाव छापलेले असे: रावळगाव. ते नाव एका गावाचे आहे आणि ते गाव नाशिक जिल्ह्यातील मालेगाव तालुक्यात आहे, हे गोळी चघळणाऱ्या बहुसंख्यांना ठाऊक नसे.

या गोळीचा इतिहास सांगायचा तर आरंभ साखरेपासूनही करता येत नाही. तो दगडांपासून करावा लागतो.

शेठ वालचंद हिराचंद दोशी (१८८२–१९५३) हे सोलापूरचे. घरचा व्यापार सोडून त्यांनी लक्ष्मणराव फाटक यांच्याबरोबर रेल्वेची कंत्राटे घेतली आणि पुढे त्यांचे नाव जहाज, विमान व मोटार या तीन स्वदेशी उद्योगांशी कायमचे जोडले गेले. सिंदिया स्टीम नॅव्हिगेशन कंपनीची ‘लॉयल्टी’ ही आगबोट ५ एप्रिल १९१९ रोजी मुंबईहून निघाली. तोच दिवस आज राष्ट्रीय सागरी दिन म्हणून पाळला जातो. बंगळुरूचा विमान कारखाना, विशाखापट्टणमची जहाजगोदी, कुर्ल्याची प्रीमियर ऑटोमोबाइल्स ही यादी पाठ्यपुस्तकांत येते. तिच्यात रावळगाव बहुधा नसते, किंवा असले तर एका ओळीत असते. जहाजापुढे गोळीची काय मातब्बरी, असे चरित्रकारांना वाटले असल्यास नवल नाही. पण लोकांच्या तोंडी, आणि तेही शब्दशः, गेले ते रावळगावच.

मालेगाव तालुका हा गिरणा आणि मोसम या नद्यांच्या खोऱ्यातील, पण सह्याद्रीच्या पर्जन्यछायेतील कोरडा मुलूख. येथे वालचंद यांनी सुमारे दीड हजार एकर जमीन मिळवली. ती खडकाळ आणि पडीक होती. दगड वेचून काढणे, माती सारखी करणे, पाटाचे पाणी फिरवणे, मातीची परीक्षा करून उसाच्या जाती लावून पाहणे, हे काम अनेक वर्षे चालले. उसाला पीक हाती येण्यास बारा ते अठरा महिने लागतात. त्यामुळे एका प्रयोगाची चूक उमगेपर्यंत दीड वर्ष उलटलेले असे. कारखाना त्यानंतर आला. १९३३ मध्ये स्थापन झालेल्या कंपनीच्या नावातच हा क्रम नोंदलेला आहे: ‘रावळगाव शुगर फार्म’. आधी शेत, मग साखर.

या नावाची आणखी एक गंमत ध्यानात घेण्यासारखी आहे. त्या काळात महाराष्ट्रात उद्योगांच्या वसाहती उद्योजकांची नावे धारण करत होत्या. किर्लोस्करवाडी, ओगलेवाडी आणि खुद्द वालचंद यांचेच इंदापूर तालुक्यातील वालचंदनगर ही तिची उदाहरणे. रावळगावात उलटे घडले. येथे गावाने कंपनीला नाव दिले.

१९३३ हे वर्षही योगायोगाचे नव्हते. १९३० च्या आसपास हिंदुस्थान वर्षाला दहा लाख टनांच्या आसपास साखर बाहेरून आणत होता, आणि तीही मुख्यतः जावा बेटावरून. ऊस येथे अमाप पिके, पण त्याचा गूळ होई; पांढरी साखर डचांच्या वसाहतीतून येई. टॅरिफ बोर्डाच्या शिफारशीनंतर १९३२ मध्ये साखर उद्योगाला संरक्षण देणारा कायदा झाला आणि जावाच्या साखरेवर जबर जकात बसली. मग देशात साखर कारखान्यांचे पेव फुटले. १९३१ च्या सुमारास तीसेक असलेले कारखाने चार-पाच वर्षांत सव्वाशेच्या पुढे गेले. सासवडच्या माळी समाजातील बागायतदारांनी माळीनगरला कारखाना उभारला तो याच लाटेत. रावळगावही तिच्याच पाठीवर उभे राहिले. सहकारी साखर कारखाना हा महाराष्ट्राच्या राजकारणाचा कणा होण्यास अजून जवळपास दोन दशके अवकाश होता.

संरक्षणाचा परिणाम इतका झटपट झाला की तो अंगाशी आला. पाच वर्षांतच साखर देशाच्या गरजेहून अधिक होऊ लागली. जादा साखर परदेशी पाठवावी, तर १९३७ च्या आंतरराष्ट्रीय साखर कराराने हिंदुस्थानला ब्रह्मदेशाखेरीज अन्यत्र समुद्रमार्गे साखर निर्यात करण्यास बंदी घातली. त्या करारावर सही करणारे सरकार येथल्या लोकांनी निवडलेले नव्हते, हे वेगळे सांगावयास नको. साखर पिकवायची, पण विकायची कोठे? त्यातच दुसरे महायुद्ध सुरू झाले आणि विलायतेहून डब्यांतून येणाऱ्या गोळ्यांची आवक आटली. चाळीसच्या दशकाच्या आरंभी रावळगावात गोळ्यांचे उत्पादन सुरू झाले, ते या पार्श्वभूमीवर.

हे एकटे उदाहरण नव्हे. नकाशावर तीन बिंदू ठेवून पाहावेत. तमिळनाडूतील नेल्लिकुप्पम येथे पॅरी कंपनीची साखर, आणि तिच्या शेजारी पॅरीच्या गोळ्या. बिहारमधील सारण जिल्ह्यात मढौरा येथे साखर कारखाना, आणि तेथेच मॉर्टनची टॉफी. नाशिक जिल्ह्यात रावळगाव. मुंबईच्या उपनगरात १९२९ साली सुरू झालेल्या पार्लेला साखर विकत आणावी लागे; या तिघांना ती दारात मिळे. भारतीय गोळीच्या इतिहासात शहराइतकाच उसाच्या मळ्याचाही वाटा आहे, ही गोष्ट सहसा नजरेआड होते.

गोळी होते कशी, हेही थोडक्यात पाहणे इष्ट. साखर आणि मक्याच्या स्टार्चपासून केलेले द्रवरूप ग्लुकोज एकत्र उकळतात. पाक साधारण १५० अंश सेल्सिअसपर्यंत तापतो आणि त्यात पाण्याचा अंश दोन-तीन टक्के एवढाच उरतो. ग्लुकोज नसेल तर थंड होताना साखरेचे पुन्हा खडे होतात; ते असल्यामुळे पाक पारदर्शक राहूनच घट्ट होतो. शास्त्रीय अर्थाने कडक गोळी ही काचच असते. कोमट असतानाच त्या गोळ्यात आम्ल, रंग आणि स्वाद मळायचा, त्याची दोरी ओढायची, ती साच्यातून कापायची आणि लगेच कागदात गुंडाळायची, कारण उघड्या हवेत ही काच पाणी शोषून चिकट होते. पावसाळ्यात गोळीला चिकटून बसलेला कागद दातांनी सोडवणारी मुले याच रसायनशास्त्राचा अनुभव घेत असत.

‘रावळगावच्या गोळ्या’ हा शब्दप्रयोग मराठीत लवकरच रूढ झाला. पुढे कंपनीने वेगवेगळ्या नावांनी गोळ्या आणल्या. मँगो मूड, कॉफी ब्रेक, टुटी फ्रुटी, लॅको आणि सर्वांत गाजलेली पान पसंद.

पान पसंदची कल्पना अतिशय चतुर होती. भारतीय घरात जेवणानंतरचा विडा हा थोरांचा अधिकार. मुलांना तो वर्ज्य, ऑफिसात तो अडचणीचा, आणि थुंकण्याचा प्रश्न वेगळाच. पान पसंदने विड्यातून चुना, कात आणि सुपारी काढून टाकली आणि त्याचा सुगंध तेवढा साखरेच्या काचेत बंद केला. संत्रे, लिंबू, पेपरमिंट हे विलायती गोळीचे ठरीव स्वाद होते. येथे गोळीने प्रथमच इतक्या उघडपणे हिंदुस्थानी जेवणाच्या शेवटाशी नाते जोडले. आंब्याचा स्वाद कोणालाही सुचला असता, विड्याचा सुचणे कठीण होते.

दूरदर्शनवर १९७६ पासून व्यावसायिक जाहिराती दाखवल्या जाऊ लागल्या होत्या. ऐंशीच्या दशकात घरोघरी दूरचित्रवाणी संच आले आणि पान पसंदची जाहिरात देशभर पोहोचली. तिची रचना अगदी साधी होती. एक व्यक्ती दुसऱ्याला तोडून बोलते. मग तोंडात गोळी जाते आणि तीच व्यक्ती तेच शब्द गोड स्वरात उच्चारते. शब्द तेच, अर्थ उलटा. लग्नाला नकार देणारे वाक्य होकारासारखे ऐकू येई. मालेगाव तालुक्यातील एका गावची गोळी अशा रीतीने हिंदी मुलखात शिरली, आणि तेथे तिचे गाव कोणी विचारले नाही.

यानंतरचा उतार एका नाण्याच्या साहाय्याने समजून घेता येतो.

गोळी किलोवर विकली जात नाही, ती नाण्यावर विकली जाते. चार ग्रॅमची गोळी धरली तर एका किलोत अडीचशे गोळ्या बसतात. पन्नास पैशांना एक, या भावाने दुकानात येणारी सगळी रक्कम १२५ रुपये. त्यातूनच साखर, ग्लुकोज, स्वाद, कागद, इंधन, मजुरी, वाहतूक, घाऊक व्यापारी आणि दुकानदार यांचे भागवायचे. साखर महागली म्हणून गोळी साठ पैशांना करता येत नाही, कारण तसे नाणेच नाही. पुढची पायरी एकदम रुपयाची. ३० जून २०११ पासून चार आणे चलनातून गेले. आठ आणे कायद्याने चालू राहिले, पण दुकानदार ते घेईनासे झाले. एके काळी सुट्ट्या पैशांच्या तुटवड्यावर गोळी जगली होती, कारण नाणे नसले की दुकानदार गोळी देई. आता तळाची नाणीच नाहीशी झाली आणि गोळीची पायरी तिच्याबरोबर गेली.

स्पर्धाही बदलली होती. १९९१ नंतर परदेशी कंपन्या आल्या. परफेटीने नव्वदच्या दशकात अल्पेनलिबे आणली. दुसऱ्या बाजूने गावोगावच्या छोट्या उत्पादकांनी स्वस्त गोळ्यांची बाजारपेठ व्यापली. तरीही ‘आता कडक गोळी कोण खातो’ हे स्पष्टीकरण टिकत नाही. २०१५ मध्ये डी. एस. समूहाची पल्स ही कैरीच्या स्वादाची, आत मसाला असलेली गोळी एक रुपयाला आली आणि थोड्याच महिन्यांत तिने शंभर कोटींची विक्री गाठली. स्वाद अस्सल देशी, गोळी कडकच. पान पसंदने चालून दाखवलेल्या वाटेवर दुसरे कोणी धावले, असेच म्हणावे लागते.

रावळगावचा साखर कारखाना पुढे कंपनीच्या हातून गेला. ज्या गोष्टीमुळे ही गोळी पार्लेहून वेगळी होती, ती दारातली साखर उरली नाही. गोळीचा व्यवसाय तेवढा राहिला.

९ फेब्रुवारी २०२४ रोजी रिलायन्स कन्झ्युमर प्रॉडक्ट्सने रावळगावच्या गोळ्या २७ कोटी रुपयांना घेतल्याचे जाहीर झाले. याच कंपनीने २०२२ मध्ये कॅम्पा हे जुने शीतपेय घेतले होते. लोकांच्या आठवणीत असलेले नाव विकत घेणे हे नवे नाव रुजवण्यापेक्षा स्वस्त पडते, हा हिशेब त्यामागे दिसतो. रावळगावने आपल्या निवेदनात सांगितलेली कारणे सरळ होती: संघटित आणि असंघटित अशा दोन्ही स्पर्धकांनी बाजारातील वाटा खाल्ला, कच्चा माल, ऊर्जा आणि मजुरी महागली, आणि गोळीची किंमत त्या प्रमाणात वाढवता आली नाही.

या व्यवहारात काय गेले आणि काय राहिले, हे पाहण्यासारखे आहे. गेले ते ट्रेडमार्क, पाककृती आणि बौद्धिक संपदेचे सर्व हक्क. म्हणजे पान पसंद, मँगो मूड, कॉफी ब्रेक, आणि गोळीच्या कागदावर छापायचे ‘रावळगाव’ हे नावसुद्धा. मूळ कंपनीकडे राहिल्या त्या इमारती, यंत्रे आणि जमीन.