पुकारा झाला, फिर्यादी नाही

बेळगावच्या कोर्टात पुकारा झाला आणि फिर्यादी हजर नसला, की खाजगी फिर्यादीवरचा समन्स खटला बहुधा तिथंच संपायचा. १८९८ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम २४७ तसंच होतं: तारीख पुढं ढकलायला मॅजिस्ट्रेटला कारण दिसलं नाही, तर आरोपीला निर्दोष सोडायचं. पुराव्याचा प्रश्नच नाही. वर कलम ४०३ मुळे त्याच गुन्ह्याबद्दल पुन्हा खटलाही नाही. पावसाळ्यात ओढे-नाले ओलांडून येणाऱ्याला एक चुकलेली तारीख किती महाग पडत असेल!

अशा सुटकेवर अपील करायचं तर ते फक्त सरकारनं. फिर्यादीला हायकोर्टाच्या खास परवानगीनं अपिलाची वाट मिळाली ती १९५५ च्या दुरुस्तीनं. आणि लगेच, १ नोव्हेंबर १९५६ ला, बेळगाव म्हैसूर राज्यात गेलं. म्हणजे आता मुंबईऐवजी बंगळूर गाठा! चंदगड तालुका तेवढा कोल्हापूर जिल्ह्यात आला, त्याचं हायकोर्ट मुंबईच राहिलं. सीमाप्रश्नावर आपण एवढं बोलतो, पण ही बाजू सहसा निघत नाही.

१९७३ च्या संहितेत हेच कलम २५६ झालं. वकील हजर असेल तर फिर्यादीवाचून काम चालवायची मुभा त्यात आली. हायकोर्टाचं खंडपीठ मात्र धारवाडला यायला २००८ साल उजाडलं.