एकघाती समीकरण : उकलीचे चिन्ह

क·य + ख = ग·य + घ या समीकरणाची उकल (घ − ख) ÷ (क − ग) असते; मात्र क आणि ग समान नसावेत. दोन्ही फरकांची चिन्हे सारखी असल्यास उत्तर धन, भिन्न असल्यास ऋण. त्यासाठी समीकरण सोडवावे लागत नाही. ३य + ४० = ८य + १५ मध्ये दोन्ही फरक ऋण, म्हणून य धन.

भास्कराचार्यांच्या लीलावतीतील (इ.स. ११५०) एक उदाहरण येथे फार मोलाचे आहे. १० व १७ भुजांच्या, ९ पायाच्या त्रिकोणात शिरोलंबामुळे होणाऱ्या पायाच्या दोन खंडांची बेरीज ९, तर वजाबाकी (१७ − १०)(१७ + १०) ÷ ९ = २१ येते. वजाबाकी बेरजेहून मोठी, म्हणजे लहान खंड ऋण असणार हे तिथेच ठरते. तो −६ येतो. भास्कराचार्यांनी तो टाकून दिला नाही. ऋण म्हणजे उलट दिशा, लंब पायाबाहेर पडतो, असा अर्थ लावला.