चांदीपायी गेलेले सिनेमे



जुनी जरीची साडी विरली की जर जाळून त्यातली चांदी काढून घेतात, हे आपल्याला ठाऊक आहे. आपल्या देशातल्या जुन्या सिनेमांचंही तसंच झालं. सिनेमाच्या पट्टीवर चांदीचा अंश असायचा. सिनेमा चालेनासा झाला की रिळं विकायची आणि चांदी काढून घ्यायची. उरलेल्या पट्टीच्या बांगड्यासुद्धा व्हायच्या. १९३१ सालचा ‘आलम आरा’ हा देशातला पहिला बोलपट. त्याची एकही प्रत आज सापडत नाही.

हे नुकसान ज्यांना सहन झालं नाही, ते पी. के. नायर. मूळचे केरळचे, पण आयुष्य गेलं पुण्यात. १९६४ साली पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय सुरू झालं. नायर यांनी गोदामं धुंडाळली, सिनेमावाल्यांच्या वारसांची दारं ठोठावली आणि हजारो सिनेमे जमवले. ‘आलम आरा’ काढणाऱ्या अर्देशीर इराणींकडेही ते गेले. इराणी म्हणाले, रिळं असतील इथंच कुठंतरी. नंतर त्यांच्या मुलाने हळूच सांगितलं, चांदीसाठी ती मीच मोडीत काढली.

दादासाहेब फाळक्यांच्या कुटुंबाकडून मात्र काही तुकडे हाती लागले. ते जुळवून १९१९ सालचा ‘कालिया मर्दन’ पुन्हा उभा राहिला. त्यात कृष्ण झाली आहे फाळक्यांची लहानगी लेक, मंदाकिनी. बायकांनी कॅमेऱ्यासमोर येणं कमीपणाचं मानायचे, तो हा काळ. पडद्यामागे तिची आई सरस्वतीबाई. त्या कोऱ्या पट्टीला भोकं पाडत, रसायनं कालवत आणि सगळ्या मंडळींचा स्वयंपाकही करत.

२०१२ साली शिवेंद्रसिंह डुंगरपूर यांनी नायर यांच्यावर ‘सेल्युलॉइड मॅन’ हा माहितीपट काढला. त्यात म्हातारे नायर स्वतः बोलतात आणि मधेमधे त्यांनीच वाचवलेल्या सिनेमांचे तुकडे दिसतात. म्हणजे साक्षही त्यांची आणि पुरावाही त्यांचाच. २०१६ साली ते गेले. मंदाकिनीचा कृष्ण आजही डोहात उडी घेतो.

मैत्रिणींनो, आपल्या गटाची पहिली वही कुठे आहे? पहिल्या बैठकीचा फोटो कुणाकडे आहे? रद्दीवाला येण्याआधी एकदा शोधून ठेवा. आपण होतो, याचा पुरावा तोच आहे.