वेल्सने चढलेली लिस्बनची पायरी

रग्बीचा पहिला विश्वचषक 1987 साली झाला, तेव्हा पात्रता फेरी नावाचा प्रकारच नव्हता. घरच्या कार्याची जातात तशी आमंत्रणं गेली होती. खेळाच्या आंतरराष्ट्रीय मंडळाने स्पर्धेला होकार दिला तो 1985 मध्ये, पॅरिसच्या बैठकीत. त्यानंतर दोन वर्षांत न्यूझीलंड आणि ऑस्ट्रेलियात सोळा संघ उभे करायचे होते. मंडळाचे सात सदस्य घरचेच. आठवा दक्षिण आफ्रिका, तो वर्णभेदापायी बाहेर. उरलेल्या नऊ पाटांवर अर्जेंटिना, फिजी, इटली, कॅनडा, रुमानिया, टोंगा, जपान, झिम्बाब्वे आणि अमेरिका बसले. पश्चिम सामोआला कुणी विचारलंच नाही.

मी तेव्हा मुंबईत एका मराठी दैनिकाच्या क्रीडापानावर रात्रपाळीला असे. रग्बीची बातमी म्हणजे पान लावताना तळाशी उरलेली दोन इंच जागा. पावसाळ्यात आझाद मैदानाकडून जाताना बॉम्बे जिमखान्याच्या कुंपणापलीकडे चिखलात झोंबणारी माणसं दिसत, तेवढीच आमच्या वाचकाची या खेळाशी ओळख. तरी टेलिप्रिंटरवरून येणारे ते निकाल मी आवडीने वाचायचो. विशेषतः पात्रता फेरीचे, कारण मुख्य स्पर्धेत कोण जिंकणार याचा अंदाज चार-पाच नावांपलीकडे जात नसे.

1991 च्या स्पर्धेपासून पात्रता आली. आधीच्या स्पर्धेतले उपांत्यपूर्व फेरीचे आठ संघ थेट आत, बाकीच्या आठ जागा खेळून मिळवायच्या. आशिया-पॅसिफिक विभागाचे सामने 1990 मध्ये टोकियोत झाले. तिथे पश्चिम सामोआने तिन्ही सामने जिंकले. दुसरी जागा जपानने घेतली, आणि तीन वर्षांपूर्वी आमंत्रणावर जाऊन आलेला टोंगा घरी राहिला.

पुढची गोष्ट रग्बीवाल्यांना पाठ आहे. 6 ऑक्टोबर 1991, कार्डिफ आर्म्स पार्क. पश्चिम सामोआ 16, वेल्स 13. सामोआच्या एका ट्रायवरून, म्हणजे गोलरेषेपलीकडे चेंडू टेकवून मिळवलेल्या गुणांवरून, आजही वेल्समध्ये हुज्जत चालते; चेंडूला पहिला हात आमच्याच गड्याचा लागला होता, असं ते म्हणतात. असेल. पण पंचाची शिट्टी वाजून गेली होती. वेल्स गटातच बाद झाला आणि नियमाप्रमाणे पुढच्या विश्वचषकासाठी पात्रता खेळण्याची पाळी त्याच्यावर आली. रग्बी हा ज्यांचा जवळजवळ धर्म, ते 1994 च्या मे महिन्यात लिस्बनला गेले आणि पोर्तुगालला 102-11 असं हरवून आले. पाठोपाठ माद्रिदला स्पेनवर 54-0. मला यात वेल्सची नामुष्की कधी वाटली नाही. नियम सगळ्यांना सारखा होता, एवढंच.

त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये क्वालालंपूरहून एक निकाल आला: हाँगकाँग 164, सिंगापूर 13. कंपोझला देण्याआधी मी कागद परत मशीनपाशी नेला. एखादा आकडा जास्त पडला असणार, असं आमच्या मुख्य उपसंपादकांनाही वाटलं. ते म्हणाले, “अरे, हा काय फळीवरचा स्कोअर आहे का? दुसरा टेक येऊ दे.” दुसऱ्या टेकमध्येही 164 च होते, आणि अॅश्ली बिलिंग्टन नावाच्या एकट्या खेळाडूचे दहा ट्राय. एका ट्रायला पाच गुण, म्हणजे पन्नास गुण त्याचेच. आशियाई स्पर्धेचा हा सामना विश्वचषकाच्या पात्रतेसाठीही धरला जात होता. एवढं करून आशियाची जागा गेली जपानकडेच.

सगळ्यात कडक नियम 1999 चा. संघ वीस झाले, पण थेट प्रवेश फक्त चौघांना: आधीच्या स्पर्धेतले पहिले तीन आणि यजमान वेल्स. त्यामुळे इंग्लंडलाही 1998 च्या नोव्हेंबरमध्ये हडर्सफील्डला नेदरलँड्सशी खेळावं लागलं. ते 110-0 जिंकले. पण आठवड्याभराने त्याच मैदानात इटलीने त्यांना घाम फोडला, 23-15. ऑस्ट्रेलियाने फिजी, टोंगा आणि सामोआशी खेळून जागा मिळवली आणि पुढे विश्वचषकही उचलला. रेपेचेजही याच वेळी आलं. सुशील कुमारच्या बीजिंगच्या पदकापासून हा शब्द आपल्या वाचकाला परका नाही. इथे अर्थ इतकाच की विभागात हुकलेल्यांना शेवटची एक संधी.

खरी नाट्यं त्या शेवटच्या संधीतच घडली. 2007 ला पोर्तुगालने दोन सामने मिळून उरुग्वेवर एका गुणाने मात केली, 24-23. 2022 च्या जुलैत चिलीने अमेरिकेला 52-51 असं टिपलं, तेही पहिला सामना घरी गमावून. अमेरिका मग दुबईच्या चौरंगी स्पर्धेत गेली. तिथे शेवटच्या सामन्यात पोर्तुगालविरुद्ध आघाडी, वेळ संपलेली, आणि सामुएल मार्केशच्या पेनल्टीने 16-16. पोर्तुगालने केनियाला 85-0 धुतलं होतं, त्यामुळे गुणफरकावर बरोबरीही त्यांना पुरली. पुढच्या वर्षीच्या विश्वचषकात तुलूझला याच पोर्तुगालने फिजीला हरवलं.

कागदावर हरलेलेही आहेत. स्पेन 2019 आणि 2023 अशा दोन्ही वेळा अपात्र खेळाडू उतरवल्यामुळे गुण कापले जाऊन बाहेर पडला. दुसऱ्या वेळी तर एकाच्या पासपोर्टच्या प्रतीत फेरफार निघाला. मैदानात जागा मिळवली होती ती गेली, आणि रुमानियाला लागली.

भारत या शर्यतीतून मुख्य स्पर्धेपर्यंत कधीच पोचलेला नाही. आपला पहिला अधिकृत आंतरराष्ट्रीय सामनाच 1998 चा. गंमत म्हणजे इंग्लंड आणि स्कॉटलंड ज्या कलकत्ता कपासाठी दरवर्षी भांडतात, तो कलकत्त्याच्या क्लबने स्वतःच्या खात्यातले चांदीचे रुपये वितळवून घडवलेला आहे.

2011 पासून मात्र नियम पुन्हा सैल झाला. प्रत्येक गटातले पहिले तीन, म्हणजे बारा संघ, पुढच्या स्पर्धेला आपोआप जाऊ लागले. 2027 ला ऑस्ट्रेलियात चोवीस संघ असतील आणि त्यातल्या बारा जागा 2023 लाच ठरून गेल्या. सामोआला 2025 च्या नोव्हेंबरमध्ये दुबईत बेल्जियमशी 13-13 अशी बरोबरी साधून शेवटचं तिकीट काढावं लागलं. वेल्स 2023 च्या ऑक्टोबरपासून 2025 च्या जुलैपर्यंत ओळीने अठरा कसोटी सामने हरला, पण त्याची जागा कुठे हलली नाही. फुटबॉलमध्ये 2006 पासून जगज्जेत्यालाही पात्रता खेळावी लागते, तेव्हा ब्राझीललाही ती चुकली नाही. रग्बीनेही यजमान वगळता सगळ्यांना रांगेत उभं करावं. त्यातल्या त्यात 1999 चाच नियम बरा होता.