रँग्लरांचें चलच्चित्र

इ. स. १९०१ च्या डिसेंबरांत मुंबईनें एका पंचवीस वर्षांच्या तरुणाचें मोठ्या थाटानें स्वागत केलें. दापोलीजवळच्या मुर्डी गांवचे रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे १८९९ सालीं केंब्रिजच्या गणितपरीक्षेंत बर्टविसल नांवाच्या इंग्रज विद्यार्थ्याच्या बरोबरीनें पहिले आले होते. ‘सीनियर रँग्लर’ हा मान मिळविणारे ते पहिले भारतीय. वाशीम हें तेव्हां वऱ्हाडांतील एका जिल्ह्याचें ठिकाण होतें. तेथील सुशिक्षित गृहस्थास रँग्लर म्हणजे वृत्तपत्रांतील एक नांव. ते दिसतात कसे, चालतात कसे, हें मुंबईबाहेरच्यांनीं जाणावें कोठून?

त्याची सोय एका मराठी छायाचित्रकारानें केली. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा ह्यांनीं १८९६ सालीं मुंबईंत ल्युमिएर बंधूंचीं चलच्चित्रें पाहिलीं आणि विलायतेहून कॅमेरा मागविला. १८९९ सालीं हँगिंग गार्डनमधील एक कुस्ती त्यांनीं टिपली; ती फिल्म धुण्यासाठीं विलायतेसच पाठवावी लागली. पुढें त्याच हातांनीं रँग्लरांच्या स्वागताचें चित्रण केलें, आणि भारतीयानें घेतलेला पहिला वार्तापट म्हणून त्याची गणना होते. दिल्लीचा दरबार सावेदादांनीं टिपला तो १९०३ सालीं. त्याआधीं त्यांच्या यंत्रासमोर आला तो राजा नव्हे, सेनापति नव्हे, तर एक विद्यार्थी.

हा विद्यार्थी पुढें अल्प वेतनावर फर्ग्युसन कॉलेजांत शिकवूं लागला, १९२१ सालीं मुंबई इलाख्याचा शिक्षणमंत्री झाला आणि १९४४ ते १९४७ ह्या काळांत ऑस्ट्रेलियांत भारताचा हायकमिशनर होता. मंत्रिपदीं चढणाऱ्या पुरुषाची तरुणपणची चालती-बोलती नव्हे, तरी चालती छबी महाराष्ट्राजवळ होती.

ती महाराष्ट्रानें राखली नाहीं. त्या काळची फिल्म ज्वालाग्राही. उष्ण व दमट हवेंत ती कुजे, आणि तींतील चांदीसाठीं पुष्कळ मूकपट वितळविलेही गेले. पुण्यास राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झालें तें १९६४ सालीं, म्हणजे त्या स्वागतास त्रेसष्ट वर्षें होत आल्यावर. सावेदादा १९५८ सालींच निवर्तले होते. रँग्लर मात्र तेव्हां हयात होते, आणखी दोन वर्षें जगले. संग्रहालय उभें राहिलें, चित्रांतला पुरुष जिवंत होता. नव्हतें तें केवळ चित्र.