मॉनिटर भिंतीवर बसेल का?

चंद्रपूर जिल्ह्यातील पोंभुर्ण्यासारख्या तालुक्याच्या गावी छोट्या दुकानात संगणकाचा मॉनिटर भिंतीवर बसविल्यास टेबल मोकळे होते. मात्र ब्रॅकेट विकत घेण्यापूर्वी मॉनिटरची मागील बाजू तपासावी.

तेथे चौकोनात आटे असलेली चार छिद्रे आहेत का, हे प्रथम पाहावे. काही मॉनिटरमध्ये ती झाकणाखाली किंवा स्टँडच्या जोडामागे दडलेली असतात. लगतच्या दोन छिद्रांच्या मध्यांतील अंतर पट्टीने मोजावे. आडवे व उभे अंतर ७५ किंवा १०० मिलिमीटर भरल्यास 'व्हेसा' प्रमाणाचे ब्रॅकेट चालते. त्यास ४ मिलिमीटर व्यासाचे 'एम-४' स्क्रू लागतात. जास्त लांब स्क्रू आतील भागांना इजा करू शकतो. या प्रमाणानुसार वजनाची मर्यादा ७५ मिलिमीटरसाठी ८ किलो, तर १०० मिलिमीटरसाठी १४ किलो आहे.

छिद्रे नसल्यास ती स्वतः पाडू नयेत. त्या मॉडेलसाठी मिळणाऱ्या जोडपट्टीची चौकशी करावी. भिंतीचीही परीक्षा घ्यावी. मातीच्या भिंतीत स्क्रूचा प्लग पक्का बसत नाही. अशा ठिकाणी भक्कम टेबलाच्या कडेला आवळून बसविण्याचा आधार घेणेच श्रेयस्कर. अन्यथा वाचलेल्या जागेची किंमत फुटलेल्या पडद्याने मोजावी लागेल.